दुसरा साक्षीदार

मी वकिलांचा गुमास्ता.
सव्वीस वर्षं मदुरैच्या खंडपीठात फायलींना दोरे बांधतो.
अर्ज दाखल करणं हाताला पाठ आहे,
मागे घ्यायचा मसुदा मात्र
दरवेळी जुन्या गठ्ठ्यातून शोधून काढावा लागतो.

इरुळायी मानामदुरैहून पहिल्या बसने यायची.
पिशवीत ताकाची बाटली, चिंचेचा भात,
आणि प्लास्टिकमध्ये गुंडाळलेली
एक एकर एकतीस सेंट जमीन :
दोन ताड, अर्धी विहीर, बाकी सगळी वेडी बाभूळ.

आमचं म्हणणं साधं होतं.
बाप अंथरुणाला खिळलेला, जीभ जड झालेली,
भावाने त्याला रिक्षात घालून उपनिबंधकाकडे नेला,
अंगठा धरून दाबला,
दस्त अकराशे सत्तेचाळीस नोंदला गेला.
हातात तेव्हा नुसता उतारा होता, दस्त कोणी पाहिला नव्हता.
तरी परिच्छेद सात मी टाइप केलाच, सवयीने :
साक्षीदार बनावट, पैसे देऊन उभे केलेले.
वाचून दाखवला तेव्हा
'पैसे देऊन'वर तिने जोरात मान हलवली होती.

तीन वर्षं तारखा. मग मंगळवारी
नोंदणी कार्यालयातून नक्कल आली.

तिला अक्षर येत नाही.
अंगठेबहाद्दर, ती स्वतःच हसून म्हणायची.
पण शेवटच्या पानावर तिचं बोट थांबलं.
दोन सह्या. खालची
शेवटाला मागे वळून गळासारखी वाकलेली.
रेशनकार्डावर अशीच.
मुलीच्या शाळेच्या फॉर्मवर अशीच.
"हे आमचे," ती म्हणाली.

चेल्लैया. वारून चार वर्षं झाली.
सही केल्यावर सात वर्षं तो
तिच्या हातचं जेवला,
ती भावाच्या नावाने बोटं मोडायची तेव्हा
विडी विझेपर्यंत ऐकत बसला.

वकील म्हणाले, सोपं आहे,
हीसुद्धा खोटी म्हणू.
मेलेला माणूस काही उलटतपासणीला येत नाही.

ती खिडकीतून यानैमलैकडे बघत राहिली.
डोंगर हत्तीसारखा बसलेला,
माझ्या नोकरीत तरी उठलेला नाही.
"सही त्याचीच आहे," ती म्हणाली.
"खोटं असेल ते दुसरं काहीतरी."
मग मला म्हणाली, महिना कोणता लिहिलाय?
आवणी, मी म्हणालो.
तिने बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजलं.
"त्याच आवणीत तेनमोळीचे कानातले
गहाणातून सुटले. लग्न तोंडावर होतं.
कसे सुटले, मी विचारलं नव्हतं."

मसुदा सापडला. चार ओळींचा.
तिने डावा अंगठा उठवला, शाई केसांना पुसली.
अंगठ्याखाली कोणीतरी लिहून द्यावं लागतं
की हा माझ्यासमोर उठवला.
वकिलांनी पेन माझ्याकडे सरकवलं.
ती पेनाच्या टोकाकडे अशी बघत होती
की मी नेहमीची फरफट न करता
बापाच्या अक्षरासकट पूर्ण नाव लिहिलं,
सुब्बय्याच्या पोराने शाळेत लिहिलं असतं तसं.

त्रेचाळीस नंबर पुकारला. पंख्याचा आवाज,
कोणाचा तरी खोकला.
कारण? न्यायमूर्तींनी विचारलं.
पक्षकाराची तशी सूचना आहे, एवढंच वकील बोलले.
मागे घेतल्याने निकाली.
खर्चाबाबत हुकूम नाही.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात.
उतरायची कशी, ते कोणी सांगून ठेवलेलं नाही.
ती कठड्याला धरून उतरली, एकेक पायरी,
आणि खाली पोचल्यावर वळून म्हणाली,
ते शेवटचं पान मला मिळेल का.
भावाला दाखवायला? मी विचारलं.
तिने उत्तर दिलं नाही.

फाईल आता कोणालाच नको होती.
तिथेच पायरीवर बसून मी दोरा सोडायला घेतला.
वेळ लागला.
गाठ माझीच होती.